तळ्याकाठचं घर कुणाचं

रुव्हिएर साहेब खोटं बोलायला लागलेत, हे थोआला आधी त्यांच्या बुटांवरून कळलं.

त्या वर्षी त्यांचं काम नदीकाठी चाललं होतं, जकातीच्या नव्या कचेरीचं. तिथला गाळ करडा, वाळला की पिठासारखा झडून जाणारा. पण अधूनमधून साहेब घरी यायचे ते टाचांना तांबडी, चिकट माती घेऊन. तसली माती हनोईत एकाच बाजूला होती, पश्चिमेच्या तळ्याकडे. तिथं नव्या रस्त्यासाठी टेकड्यांवरून गाडे भरभरून भराव आणून टाकला होता.

"आज कुठं होतात?" तिने जेवताना सहज विचारल्यासारखं विचारलं.

"नदीवर. दुसरं कुठं असणार?" साहेबांनी खेकड्याच्या कालवणातून मान वर केली नाही.

थोआने भात वाढला, नाळीची भाजी वाढली, माशाच्या खारवणाची वाटी त्यांच्याकडे सरकवली. पण मनात पाल चुकचुकली ती चुकचुकलीच.

ती त्यांच्या घरी राहायला आली त्याला दहा-बारा वर्षं झाली होती. लग्न झालेलं नव्हतं, होणारही नव्हतं. गोऱ्यांच्या क्लबात साहेब एकटेच जायचे, आणि थोआच्या गावची माणसं बाजारात भेटली तर तिच्या टोपलीकडे बघून बोलायची, तोंडाकडे नाही. गास्तों रुव्हिएर तिच्या गावी पहिल्यांदा आले ते ग्रामदेवाच्या देवळाचं छप्पर मोजायला. मोजपट्टीचं दुसरं टोक धरायला कुणी पुढे येईना. देवाच्या वळचणीला असली फीत लावणाऱ्याचा हात झडेल, असं म्हातारे कुजबुजत होते. थोआ तेव्हा नुकतीच विधवा होऊन माहेरी परतली होती. आपलं आता आणखी काय झडायचं राहिलंय, असं म्हणून तिने टोक धरलं. त्यानंतर गावात तिला कुणी चहाला बोलावलं नाही.

साहेब दक्षिण फ्रान्समधल्या एका कौलं शाकारणाऱ्याचे चिरंजीव. मार्सेयच्या कलाशाळेत इमारती आखायला शिकले, तिशीच्या आत बोटीने इकडे आले. पॅरिसचा शिक्का त्यांच्यावर नव्हता, आणि पॅरिसहून येणारे वरिष्ठ ते त्यांना विसरू देत नसत. त्यांनी बांधलेली पहिली इमारत एका तालुक्याच्या गावची खजिन्याची कचेरी. जाड भिंती, सपाट तोंड, पॅरिसच्या गल्लीतून उचलून आणल्यासारखी. पहिल्याच उन्हाळ्यात आतले कारकून भोवळ येऊन पडायला लागले. पावसाळ्यात भिंतींवर बुरशीचे नकाशे उमटले. तक्रार आली तेव्हा साहेब स्वतः तिथं गेले आणि गळ्यातली कॉलर न सोडता दिवसभर एका टेबलापाशी बसून राहिले. बाहेर पडले ते थेट शेजारच्या शेतकऱ्याच्या झोपडीत शिरले आणि इथं गार का वाटतं, ते वाकून वाकून बघू लागले. ही गोष्ट ते प्रत्येक पाहुण्याला सांगत, आणि प्रत्येक वेळी ती झोपडी आधीपेक्षा थोडी जास्त गार झालेली असे.

तेव्हापासून त्यांच्या इमारतींची छपरं बदलली. एकावर एक दुहेरी छप्पर, हातभर पुढे आलेल्या वळचणी, वारा आत घेणाऱ्या जाळ्या. मुलींची शाळा बांधली, डोळ्यांचा दवाखाना बांधला. वरिष्ठ म्हणायचे, रुव्हिएर सरकारच्या खर्चाने देवळं बांधतो. इथली माणसं म्हणायची, साहेबाने आमच्या देवांची छपरं चोरली. साहेब दोन्हीकडचं ऐकून घ्यायचे आणि पाऊस आला की छत्री घेऊन आपल्याच इमारतींच्या पन्हळी बघायला निघायचे.

असा माणूस खोटं बोलतो, तेव्हा बाहेर कुणीतरी बाई असते. थोआला एवढंच सुचलं.

मग एकेक गोष्ट तिच्या नजरेत भरायला लागली. नकाशांच्या कपाटाला कधी कुलूप नसायचं, ते आलं. एका दुपारी बोटकंपनीचा माणूस घरी येऊन गेला. तो गेल्यावर साहेब म्हणाले, सिमेंटच्या गोण्यांचं बोलणं होतं. सिमेंटच्या बोलण्यासाठी बोटकंपनीच्या माणसाने जाताना साहेबांचा हात दोन्ही हातांत घेऊन इतका वेळ का धरावा? आणि एका सकाळी ती आरशापुढे केस विंचरत असताना साहेब दारात उभे राहून बघत होते. म्हणाले, "बाईला केस विंचरताना उजेड कुठल्या बाजूने लागतो?"

"कुठल्या बाईला?"

"कुठल्याही. आपलं असंच."

ती दाओ मावशीकडे गेली. मावशीचं उदबत्त्यांचं दुकान होतं, मोठमोठ्या घरांतून तिच्याकडे गिऱ्हाईक यायचं, आणि उदबत्तीबरोबर प्रत्येक घरची बातमीही दुकानात यायची. मावशीने पानाला चुना लावता लावता सगळं ऐकून घेतलं.

"पन्नाशी उलटली ना त्यांची?"

"उलटली."

"मग झालं तर. या वयात गोऱ्यांना घर आठवतं. घर म्हणजे गाव नव्हे गं, बायको. नसली तर करून आणतात. बोटीतून पेटीसारखी उतरते. तो घोड्यांचा डॉक्टर आठवतो? त्याची बाई सकाळी मासळी आणायला गेली. परत येते तो दारात मडम उभी. मासे हातात तसेच राहिले तिच्या."

"हे तसे नाहीत, मावशी."

"घोड्यांचा डॉक्टरही नव्हता तसा." मावशीने पिंक टाकली. "मी म्हणते भांडू नकोस. आधी डोळ्यांनी बघ. तुझे दागिने कुठं असतात?"

"त्यांच्या कपाटात."

"बघ म्हणजे."

दोन दिवसांनी थोआने हातरिक्षा केली आणि साहेबांच्या रिक्षेच्या मागे लांबून जायला सांगितलं. ते नदीकडे वळलेच नाहीत. तळ्याकाठच्या पेरूच्या बागांमधून तांबडा रस्ता गेला होता, त्याच्या टोकाला उतरले. तिथं एक घर उभं राहत होतं. कचेरी नाही, शाळा नाही. घर. भिंती डोक्याएवढ्या आलेल्या, बांबूची परांची बांधलेली, आणि डोईवर पानांच्या टोप्या घातलेल्या बायका कावडीने विटा वाहत होत्या. साहेबांनी कोट काढून झाडाला अडकवला. सरकारी कामावर त्यांनी कधी कोट काढलेला तिने पाहिला नव्हता.

तिने रिक्षा परत फिरवली. रिक्षावाला म्हणाला, "बाई, तुम्ही रडताय की तुम्हाला धूळ लागलीय?"

"तू पुढे बघून चल."

पुढच्या आठवड्यात तळ्याकाठच्या कामावर एक नवी बाई आली. तपकिरी जाडेभरडे कपडे, अनवाणी पाय, टोपीची दोरी हनुवटीखाली घट्ट बांधलेली. विटा वाहणाऱ्या बायकांची मुकादमीण लुआ म्हणून होती. आडव्या बांध्याची, दात काळे रंगवलेले, आवाज परांचीच्या वरच्या बांबूपर्यंत पोचणारा. तिने नव्या बाईला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि म्हणाली, "टाच दाखव."

"काय?"

"टाच, टाच. उचल पाय." थोआने पाय उचलला. लुआने मान हलवली. "ही टाच विटा वाहणारीची नाही. कुणी पाठवलं तुला? पोलिसांनी?"

"कुणी नाही. नवरा टाकून गेला."

"कधी?"

"अजून जायचाय."

बाकीच्या बायका हसल्या, पण लुआ हसली नाही. त्या दिवसांत खबरे कुठंही असत. गिरणीत, बाजारात, देवळाच्या पायरीवर. लुआने तिला कावड दिली, पण तिच्यामागे कायम एक बाई ठेवली. थोआ घरावर नजर ठेवायला आली होती, आणि तिच्यावर अख्ख्या कामाची नजर होती.

पहिल्या दिवशी खांदा सोलवटला. दुपारी पेरूच्या सावलीत बायका भाताची शिदोरी सोडून बसल्या तेव्हा बोलणं आपोआप घरावर आलं.

"आफूच्या गुत्तेदाराचं असणार. तेच नाव लपवतात."

"छट्. म्हाताऱ्या जनरलच्या ठेवलेल्या बाईचं आहे."

"ठेवलेल्या बाईला न्हाणीघर एवढं मोठं कशाला लागतं?"

"जनरललाच विचार ना."

"ए, तू सांग," लुआ थोआकडे वळली. "तुला काय वाटतं? तू सारखी आत बघत असतेस."

"मला घर आवडलं," थोआ म्हणाली. हे तिच्या तोंडून निसटलं, आणि खरं होतं म्हणून तिला स्वतःचाच राग आला.

घर लहान होतं पण पुरं विचार करून काढलेलं. तळ्यावरचा वारा ओसरीतून आत यायचा, मधल्या चौकात थबकायचा आणि स्वयंपाकघराचा धूर घेऊन मागच्या जाळीतून निघून जायचा. साहेबांनी जन्मभर कचेऱ्यांतून जे करून बघितलं होतं ते सगळं या एका घरात कुणी हट्टाने आणून ठेवल्यासारखं होतं. एके दिवशी तिच्या देखत त्यांनी वरच्या खोलीची खिडकी तोडायला लावली. बांधून झालेली, चुना लागलेली. गवंडी वैतागला. साहेब म्हणाले, उजेड डाव्या हाताला येतोय, उजव्या हाताला पाहिजे. मग आरसा जिथं लागणार होता तिथं ते स्वतः जमिनीवर मांडी घालून बसले आणि नसलेल्या आरशात बघत राहिले. थोआ कावड खांद्यावर घेऊन जिन्यात उभी होती. या माणसाने आपल्यासाठी कधी असं बसून बघितलंय का, हे ती आठवू लागली. आठवेना.

त्यानंतर चार-सहा दिवसांनी गवंड्यांनी मधल्या खोलीत एक कोनाडा पाडला. रुंद, छातीच्या उंचीला, दाराकडे तोंड करून. लुआ म्हणाली, "पूर्वजांच्या पूजेचा. मडमेला कशाला लागतोय कोनाडा? घर आपल्यातल्याच कुणा बाईचं आहे."

 बोटीतून उतरणाऱ्या मडमेशी थोआने मनातल्या मनात भांडण मांडून ठेवलं होतं. तिला काय बोलायचं, तिच्यापुढे कुठले कपडे घालायचे, सगळं ठरलं होतं. मडम आली असती तर निदान लोक म्हणाले असते, गोरा गोऱ्यांत गेला. पण दुसरी कुणी इथलीच? तरुण असणार. घरंदाजही असणार, म्हणून पूजेचा कोनाडा.

त्याच दुपारी साहेब अगदी जवळून गेले. परांचीखाली ती उभी होती तिथं वरून बांबू सरकवत होते. साहेब आपल्या मोडक्या, पण नेहमीच्या आदबशीर भाषेत म्हणाले, "बाई, जरा बाजूला व्हा. लागेल." त्यांची नजर तिच्या हातांवर आली, जराशी थांबली आणि निघून गेली. दहा-बारा वर्षं ज्या हातचं जेवले त्या हातांना त्यांनी ओळखलं नाही.

ती रोज त्यांच्या आधी घरी पोचायची, अंघोळ करायची, खांद्याला तेल चोळायची, लांब बाह्यांचा रेशमी अंगरखा घालून ताटं मांडायची.

"खांदा दुखतोय का?" साहेबांनी एकदा विचारलं.

"झोपेत अवघडला."

त्यांनी तिच्याकडे जरा जास्तच वेळ बघितलं. मग रुमाल घडी करून बाजूला ठेवला आणि उठून गेले. दुसऱ्या दिवशी कपाटाच्या कुलपाची किल्ली, जी ते टेबलावर ठेवायचे, ती त्यांच्या घड्याळाच्या साखळीला अडकवलेली दिसली.

थोआ पुन्हा मावशीकडे गेली आणि या वेळी सगळं ओकली. तळ्याकाठचं घर, खिडकी, कोनाडा. "आपल्यातलीच आहे, मावशी. मी रोज वाट बघतेय ती कधी घर बघायला येते त्याची."

"येईल, येईल," मावशी म्हणाली. "आणि तोपर्यंत तू तिच्या विटा वाहा. शहाणीच आहेस."

थोआ गेल्यावर मावशीच्या पोटात ते राहिलं नाही. दुकानात एका मोठ्या घरची दासी उदबत्त्या घ्यायला आली होती. मावशीने भाचीच्या नशिबाची गोष्ट तिला सांगितली, मीठमिरची लावून. तळ्याकाठी साहेब आपल्यातल्या कुणा बाईसाठी गुपचूप घर बांधतोय, पूजेच्या कोनाड्यासकट. दासी आधी नुसती ऐकत होती. मग तिने विचारलं, "पेरूच्या बागांपलीकडे? तांबड्या रस्त्याला?" आणि उदबत्त्या न घेताच घाईने गेली.

ती दासी होती शेजारच्या प्रांताचे सुभेदार काओ यांच्या घरची.

दोन दिवसांनी, सकाळचं काम ऐन भरात असताना, तांबड्या रस्त्यावरून एक मोटार आली. मागून माणसांनी भरलेला गाडा. मोटारीतून सुभेदारांच्या मोठ्या बाईसाहेब उतरल्या. साठीच्या, बुटक्या, गळ्यात अंबराची माळ, हातात मिटलेली छत्री. त्यांनी घराकडे बघितलं, कामावरच्या माणसांकडे बघितलं आणि शांतपणे म्हणाल्या, "कोनाड्यापासून सुरू करा."

माणसं पहारी घेऊन आत घुसली. विटा फुटायला लागल्या. बायका कावडी टाकून बागेत पळाल्या, गवंडी परांचीवरच बसून राहिले. साहेब आतून धावत आले, हातात पट्टी होती. "थांबा. हे काय चाललंय? हे काम माझं आहे."

"काम तुमचं, घर कुणाचं?" बाईसाहेब म्हणाल्या. "माझ्या नवऱ्याने ठेवलेल्या त्या गाणारीचं. त्यांनी इथं गुपचूप जमीन घेतल्याचं ठाऊक होतं, कशासाठी ते आता कळलं. उदबत्तीवालीच्या दुकानात कळलं, तिची भाची तुमच्याच घरात राहते ना? तुमच्या घरातलंच माणूस बोललं, साहेब."

साहेब वळले. बागेच्या कडेला बायकांच्या घोळक्यात थोआ उभी होती, टोपी पाठीवर पडलेली. साहेब थेट तिच्याकडे आले. इतक्या बायकांतून त्यांना तिला शोधावं लागलं नाही.

"म्हणजे तूच," ते म्हणाले.

थोआला काही उमगेना. ही म्हातारी कोण, गाणारी कोण, सुभेदाराचा इथं काय संबंध. "तुम्हाला माहीत होतं मी इथं येते ते?"

"पहिल्या आठवड्यापासून. ओझं उचलताना तू ओठ चावतेस, घरीही. मला वाटलं, मावशीमार्फत बाईसाहेबांनी तुला पाठवलंय बघायला. रोज वाटायचं आज सांगशील. तू ताटं मांडायचीस आणि खांदा अवघडला म्हणायचीस."

"आणि तुम्ही नदीवर होतो म्हणायचात."

"मी सुभेदारांना शब्द दिला होता. कुणालाही सांगणार नाही म्हणून."

"मी 'कुणालाही' मध्ये येते?"

 मागे एक भिंत कोसळली, चुन्याची धूळ उडाली. लुआ आणि तिच्या बायका तोंडावर हात धरून ऐकत होत्या, जायचं कुणाच्याच मनात नव्हतं.

"मला वाटलं हे घर तुमच्या बाईचं आहे," थोआ म्हणाली. "आधी वाटलं मडम येतेय. मग वाटलं दुसरी कुणी. मी तिला बघायला आले होते. म्हातारीशी माझा काय संबंध?"

"माझी बाई?" साहेबांनी पट्टी खाली ठेवली आणि विटांच्या ढिगावर बसले. मग त्यांनी सांगितलं. बदलीचा हुकूम उन्हाळ्याआधीच आला होता. मादागास्करला. नव्या संचालकांना त्यांची देवळासारखी छपरं नको होती, सरळ रेषेतलं काँक्रीट हवं होतं. म्हणून बोटकंपनीचा माणूस आला होता, जागा राखून ठेवायला. हुकूम फिरवायचा तर वरच्या साहेबाच्या कानात शब्द घालणारा माणूस हवा होता, आणि सुभेदार काओ दर महिन्याला वरच्या साहेबाबरोबर जेवायचे. त्यांनी फक्त एक काम मागितलं. तळ्याकाठी एक घर, गाजावाजा न करता.

"म्हणजे इथंच राहता यावं म्हणून?"

"इथंच."

"माझ्यासाठी, की तुमच्या इमारतींसाठी?"

 खोटं बोलणं सोपं होतं, पण साहेब खोटं बोलले नाहीत. "मला ते वेगळं काढता येत नाही."

थोआ त्यांच्याशेजारी बसली नाही. उभीच राहिली. आपल्या एका चहाडीने या माणसाची बदली पक्की झाली, हे तिला समजत होतं. पण त्याचबरोबर तिच्या मनात दुसरंही चाललं होतं. हा माणूस मला इतके दिवस खबरी समजत होता. माझ्या हातचा भात खात होता आणि किल्ली साखळीला बांधत होता.

तिकडे पहारींचा आवाज थांबला होता. मोठ्या बाईसाहेब आत जाऊन ओसरीतल्या एका उलट्या घमेल्यावर टेकल्या होत्या. बाहेर ऊन रणरणत होतं आणि तळ्यावरून वारा आत येत होता. त्यांनी छत्री मांडीवर ठेवली, माळ सैल केली. "इथं गार आहे," त्या स्वतःशीच म्हणाल्या. मग आपल्या माणसांना म्हणाल्या, "पुरे. बाकीचं राहू द्या."

सुभेदारांची शोभा सगळ्या प्रांतात झाली. त्यांनी वरच्या साहेबाच्या कानात शब्द घातला नाही, आणि रुव्हिएर हे नाव त्यांच्यासमोर काढायचीही सोय राहिली नाही. हुकूम तसाच राहिला. घराचं मात्र मोठ्या बाईसाहेबांनी वेगळंच ठरवलं. गाणारीला त्यांनी दूर तिच्या माहेरी पाठवून दिलं आणि घर स्वतःसाठी पुरं करायला सांगितलं. रोज नवऱ्याचं तोंड बघण्यापेक्षा तळं बघेन म्हणाल्या. साहेबांकडे दोन महिने होते. त्यांनी काम पुन्हा हाती घेतलं, आणि या वेळी थोआ बरोबर जायची, उघड उघड, रेशमी अंगरख्यावर टोपी घालून. लुआने पहिल्या दिवशी तिच्या टाचेकडे बघितलं आणि म्हणाली, "आता जरा बरी झालीय."

घरी दोघं एकमेकांशी फार जपून बोलत. भांडण एकदाही झालं नाही, तेच वाईट होतं. किल्ली परत टेबलावर आली. थोआने ती पाहिली आणि उचलली नाही.

एका संध्याकाळी साहेब म्हणाले, "माझ्याबरोबर चल. मादागास्करलाही भात पिकतो. लोक तसे आपल्यासारखेच आहेत म्हणतात."

"तिथं मी तुमची कोण असेन?"

"जी इथं आहेस."

"इथं मी कोण आहे ते मला या उन्हाळ्यात कळलं," थोआ म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता. "तिथं मला भाषा येणार नाही, माणसं ठाऊक नसतील. तुम्ही जरा उशिरा आलात तरी मी तुमचे बूट बघेन. मी बाजारात जास्त वेळ थांबले तर तुम्ही विचार कराल, कुणाशी बोलत होती. मी नाही येत."

साहेबांनी पुन्हा आग्रह केला नाही. ते आपल्या इमारती बघायला निघाले, एकेक करून, पाऊस नसताना छत्री घेऊन. मुलींच्या शाळेच्या ओसरीत ते बराच वेळ उभे होते, असं तिथल्या शिपायाने नंतर सांगितलं. मुलींनी त्यांना कुणाचा तरी आजोबा समजून बाक आणून दिलं.

जायच्या दिवशी थोआ स्टेशनवर गेली. बंदराच्या गाडीला गर्दी होती. गोऱ्यांच्या डब्यापुढे त्यांचे दोन-तीन ओळखीचे आले होते, ते तिला बघून जरा बाजूला जाऊन उभे राहिले. साहेब खिडकीत होते.  ते वाकून म्हणाले, "उत्तरेच्या बाजूची पन्हळ."

"काय तिचं?"

"तिला उतार कमी पडलाय. मी गवंड्याला सांगितलं होतं, तो विसरेल. पहिल्या मोठ्या पावसात पाणी भिंतीत मुरेल. पन्हळ काढून परत बसवायला लाव, टोक चार बोटं खाली. बाईसाहेब नको म्हणतील, दिसायला वाकडी दिसते म्हणून. ऐकू नकोस त्यांचं."

"बरं."

"आणि वरच्या खोलीची झडप तेल मागते."

"बरं," थोआ म्हणाली. "तिकडे पाणी उकळून प्या. तुम्ही विसरता."

गाडी हलली. साहेबांनी हात वर केला, आणि टोपी काढायची की नाही या विचारात तो हात तसाच राहिला.

थोआ स्टेशनवरून घरी गेली नाही, तळ्यावर गेली. उत्तरेच्या भिंतीखाली उभं राहून तिने वर बघितलं. तिला पन्हळ सरळच दिसत होती. तिने लुआला हाक मारून परांची परत बांधायला सांगितली. लुआ कमरेवर हात ठेवून वर बघत राहिली.

"चांगली बसलीय की. एवढी काढायची?"

"साहेब सांगून गेलेत. उतार कमी आहे."

"जाता जाता आपल्याला कामाला लावायला म्हणाले नसतील ना? गोऱ्यांचा काय भरवसा."

थोआने जिन्याखालून शिडी ओढून भिंतीला लावली. "बाकी कशाचा नाही," ती म्हणाली. "पाण्याच्या बाबतीत ते खोटं बोलत नाहीत. धर ही शिडी."